वसईची घंटा आणि युद्धानंतरचे प्रायश्चित्त



कीर्तनाला उभे राहणे आता गुडघ्यांना झेपत नाही. चार तपे सेवा घडली, ती माउलींनी करवून घेतली. आता घरी बसून वाचन होते, आणि जे बोलताना सुटले ते आठवते. त्यातली एक गोष्ट आज आपल्यापुढे ठेवतो. ती माझ्या चुकीची आहे.

पंचवीस वर्षे झाली असतील. बोरिवलीला आमच्या भागात अखंड हरिनाम सप्ताह होता. पाचव्या दिवशीची सेवा माझ्याकडे होती. निरूपणाला तुकोबारायांचा अभंग घेतला होता, ज्यात महाराज दयेची व्याख्या करतात आणि प्राणिमात्रांच्या सांभाळाबरोबर दुष्टांचा बंदोबस्तही दयेतच धरतात. दृष्टांताला मी चिमाजी अप्पांची वसईची स्वारी घेतली. किल्ला पडला, चर्चच्या घंटा उतरवल्या, हत्तीच्या पाठीवर घालून वाजवत आणल्या आणि आपल्या महादेवापुढे टांगल्या, असे मी सांगितले. हत्ती मी पदरचा घातला होता. मंडप टाळ्यांनी दुमदुमला. ‘हर हर महादेव’ झाले. मीही हसलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी दुधाच्या केंद्रावर गावठाणातले एक गृहस्थ भेटले. ते ईस्ट इंडियन, म्हणजे इथले मूळचे मराठी बोलणारे ख्रिस्ती. आदल्या रात्री मंडपाच्या कडेला उभे राहून त्यांनी कीर्तन ऐकले होते. ते म्हणाले, “बुवा, कीर्तन चांगलं झालं. तुमच्या लोकांवर जुलूम झाला होता हे आम्हालाही ठाऊक आहे. पण घंटेचं सांगताना तुम्ही हसलात. ती घंटा काय पोर्तुगिजांच्या घरची होती? आमच्या कुणा पूर्वजाच्या लग्नाला ती वाजली असेल, तो मेला तेव्हाही तीच वाजली असेल.”

मला आधी रागच आला. आमची देवळे पाडली त्याचे काय, असे ओठांवर आले होते. पण समोरचा माणूस भांडायला आला नव्हता. दुधाची पिशवी घेऊन तो शांतपणे निघून गेला, आणि माझ्याजवळ उत्तर राहिले नाही.

वसईची लढाई अन्यायाची नव्हती, हे आधी स्वच्छ सांगितले पाहिजे. १५३४ साली गुजरातच्या बहादूरशहाने वसई पोर्तुगिजांना दिली. आज आपण ज्याला मुंबईची उपनगरे म्हणतो ते अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड हे सगळे त्या वेळच्या साष्टी बेटात. त्यांच्या अमलात देवळे पडली, सणवार आणि संस्कार उघडपणे करण्यावर बंदी आली. आमच्या बोरिवलीचे मंडपेश्वर लेणे पाहा. शिवाचे हे प्राचीन लेणे सोळाव्या शतकात चर्च झाले आणि वर डोंगरावर पाद्र्यांचा मठ उभा राहिला. लोकांची गाऱ्हाणी पुण्याला पेशव्यांपर्यंत गेली. अंजूरचे गंगाजी नाईक यांच्यासारख्यांनी त्यासाठी जिवाचे रान केले. १७३७ साली ठाण्यापासून मोहीम सुरू झाली आणि मे १७३९ मध्ये वसई पडली. दोन्ही बाजूंची हजारो माणसे मेली. किल्ला पडल्यावर चिमाजी अप्पांनी पोर्तुगीज शिबंदीला हत्यारांसह मानाने बाहेर जाऊ दिले आणि मागे राहणाऱ्या ख्रिस्ती लोकांना आपला धर्म पाळण्याची मोकळीक दिली. विजयी सेनापतीच्या हातून इतके घडले, हे लहान नाही. मग माझे चुकले कुठे?

हे शोधताना मला वाटले की एकदा ख्रिस्ताच्या लोकांनाच विचारावे, युद्धाविषयी तुमचा धर्म काय सांगतो? त्या गृहस्थांनी मला पुस्तके दिली, एका धर्मगुरूंकडे नेले. पुढे ओळख वाढत गेली. त्यातून जे कळले ते आपल्या भाषेत सांगतो.

येशूने डोंगरावर जो उपदेश केला त्यात शत्रूवर प्रेम करायला आणि मारणाऱ्याला उलट न मारायला सांगितले. पहिली तीनशे वर्षे त्याच्या अनेक अनुयायांनी हे अक्षरशः घेतले. इ. स. २९५ मध्ये उत्तर आफ्रिकेत मॅक्सिमिलियन नावाच्या एकवीस वर्षांच्या मुलाला रोमन सैन्यात भरतीसाठी उभे केले. तो शिपायाचाच मुलगा. मी ख्रिस्ती आहे, शिपाईगिरी करू शकत नाही, एवढेच तो सांगत राहिला. त्याचा शिरच्छेद झाला. हे वाचताना मला पैठणचे नाथमहाराज आठवले. गोदेच्या स्नानाहून येताना अंगावर पुन्हा पुन्हा थुंकणाऱ्यावर ते रागावले नाहीत, पुन्हा पुन्हा स्नानाला गेले. आपल्याकडे ही शांती परकी नाही.

पण पुढे रोमचा बादशहाच ख्रिस्ती झाला. सीमेवरून टोळ्या येऊ लागल्या आणि प्रश्न बदलला. माझ्या गालावर मारले तर मी दुसरा गाल पुढे करीन. शेजाऱ्याच्या लेकराला कोणी मारत असेल तर दुसरा गाल कोणाचा पुढे करायचा? लेकराचा? मिलानचे बिशप अँब्रोस आणि त्यांच्यामागून संत ऑगस्टीन यांनी याचे उत्तर असे दिले की स्वतःसाठी मारू नये, पण दुसऱ्याला वाचवण्यासाठी, राज्याच्या अधिकाराने, मनात द्वेष न ठेवता शस्त्र धरावे लागले तर ते प्रेमाच्या विरुद्ध नाही. सज्जनहो, आपल्या तुकोबारायांनी दयेच्या व्याख्येत जे बसवले ते याहून निराळे नाही. नाथमहाराजांनी स्वतःवरची थुंकी सोसली. पण तीच एखाद्या अंत्यजाच्या पोरावर पडली असती तर ते आडवे उभे राहिले नसते, असे मला वाटत नाही. वाळवंटात तापलेले पोर कडेवर उचलून घेणारा तो महात्मा.

तेराव्या शतकात थॉमस अक्वायनस यांनी न्याय्य युद्धाच्या तीन अटी घातल्या. युद्ध पुकारणाऱ्याला अधिकार हवा, कारण खरे हवे, आणि हेतू शुद्ध हवा. आणि १५३९ साली, म्हणजे वसई पडण्याच्या बरोबर दोनशे वर्षे आधी, स्पेनमधल्या सालामांका विद्यापीठात फ्रान्सिस्को दे व्हितोरिया या धर्मगुरूंनी व्याख्याने दिली. समोरच्याचा धर्म वेगळा आहे हे युद्धाचे कारण होऊ शकत नाही, राज्य वाढवणे हेही नाही, राजाची कीर्ती हेही नाही, असे त्यांनी स्वतःच्या राजाच्या राज्यात उभे राहून सांगितले. हे वाचून मी चकित झालो. म्हणजे साष्टीत जे झाले ते ख्रिस्ताच्या नावाने झाले, पण त्याच धर्मातल्या पंडितांनी घातलेल्या कसोटीवर ते उतरत नव्हते. वसईच्या मोहिमेचे कारण मात्र या कसोटीवर उतरते.

इथवर आलो तेव्हा मला बरे वाटले होते. दृष्टांत शाबूत राहिला, असे मनात आले. पण वाचता वाचता एक गोष्ट अशी सापडली की ती मला सोडीना.

चौथ्या शतकात कॅपाडोशियात बॅसिल नावाचे थोर बिशप होते. युद्धात शत्रूला मारणाऱ्या शिपायाला आपल्या वडीलधाऱ्यांनी खुनी मानलेले नाही, हे त्यांना मान्य होते. तरी त्यांनी सल्ला दिला की अशा शिपायांनी तीन वर्षे ख्रिस्तप्रसादापासून दूर राहावे, कारण त्यांचे हात निर्मळ राहिलेले नाहीत. युद्ध योग्य, शिपाई गुन्हेगार नाही, तरी हात निर्मळ नाहीत. या तीन गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात, हे मी कीर्तनात कधी सांगितले नव्हते.

पुढे १०६६ साली इंग्लंडात हेस्टिंग्जची मोठी लढाई झाली. नॉर्मन जिंकले. आपली बाजू न्यायाची अशीच त्यांची खात्री होती. पण काही वर्षांतच त्यांच्याच बिशपांनी आपल्या जिंकलेल्या शिपायांना प्रायश्चित्त लावले. ज्याला माहीत आहे की आपण माणूस मारला, त्याने दर माणसामागे एक वर्ष. आणि ज्या तिरंदाजांना आपल्या बाणाने किती मेले हे ठाऊकच नाही, त्यांनी चाळीस दिवसांचे उपवासकाळ तीन वेळा पाळावे.

तिरंदाजांचे हे कलम वाचले आणि मला माझे मोठे मामा आठवले.

मामा तोफखान्यात होते. १९७१ ची लढाई त्यांनी केली. ती लढाई न्यायाची होती, याबद्दल गावात कोणाला शंका नव्हती, त्यांनाही नव्हती. निवृत्त होऊन आले, माळ घातली आणि दरवर्षी आळंदीहून पायी वारी करू लागले. एकदा सासवडच्या मुक्कामात त्यांचे पाय चेपताना मी विचारले, “मामा, लढाईत तुम्ही किती मारले हो?” मी कॉलेजात होतो, मला फुशारकीची गोष्ट ऐकायची होती. ते बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, “तोफेवाल्याला दिसत नाही रे. गोळा डोंगरापलीकडं पडतो. हिशेब लागत नाही म्हणून चालतो.”

मला वाटले, म्हातारपणाने असे बोलतात. नऊशे वर्षांपूर्वीच्या परमुलखातल्या त्या धर्मगुरूंना तोफेवाल्याचे दुःख कळले होते. मला, घरच्या माणसाला, नव्हते कळले.

आता कोणी अभ्यासू वारकरी मला अडवील, आणि अडवावेच. तो म्हणेल, “महाराज, गीता विसरलात का? अठराव्या अध्यायात भगवंत सांगतात की ज्याला कर्तेपणाचा अहंकार नाही त्याला मारण्याचेही बंधन नाही. माउलींनी तो भाग किती खुलवून सांगितला आहे! मग प्रायश्चित्त कसले?” ही शंका खोटी नाही. माझे नम्र उत्तर असे, की ते वचन ज्याचा अहंकार खरोखर गेला त्याच्यासाठी आहे. गेला की नाही हे कशावरून ओळखायचे? अर्जुनाने शस्त्र धरले तरी धर्मराजाचे काय झाले ते पाहा. युद्ध जिंकले, आणि गंगेच्या काठी मेलेल्यांना तिलांजली देताना कुंतीने सांगितले की कर्ण तुमचा थोरला भाऊ होता. ज्याला मारले तो कोण होता हे तर्पणाच्या वेळी कळले. धर्मराज राज्यावर बसायला तयार होईना, रानात जातो म्हणाला. भगवंत स्वतः जवळ असताना त्याला, तू निर्लेप आहेस, मजेत राहा, असे कोणी सांगितले नाही. भीष्मांजवळ बसवले, शांतिपर्व ऐकवले, आणि पापक्षालनासाठी अश्वमेध करायला लावला. म्हणजे आपल्याही परंपरेत न्यायाच्या युद्धानंतर प्रायश्चित्त आहे. आपण कुरुक्षेत्राचे अठरा दिवस रंगवून सांगतो आणि त्यानंतरचे पर्व वेळ संपला म्हणून सोडून देतो.

आणि माझा अहंकार गेला नव्हता याची खूण मंडपातच होती. त्या घंटेवर मी हसलो होतो. मी लढलो नव्हतो, माझा कोणी वसईच्या खंदकात मेला नव्हता, तरी जिंकल्याची गोडी मी फुकट चाखत होतो. ज्यांनी खरोखर लढाई केली ते मामा गप्प होते.

ख्रिस्ती लोकांनी ही गोष्ट जपली असे मात्र समजू नका. अँब्रोस यांनी जपली. ३९० साली थेस्सलोनिका शहरात बादशहा थिओडोसियसच्या हुकमाने हजारो माणसांची कत्तल झाली, तेव्हा त्यांनी बादशहालाच प्रसाद नाकारला आणि उघडपणे प्रायश्चित्त घ्यायला लावले. पण १०९५ साली पोप अर्बन दुसरे यांनी जेरुसलेमवर जाणाऱ्यांना सांगितले की ही स्वारी हेच तुमच्या पापांचे प्रायश्चित्त. पूर्वी युद्ध केल्याबद्दल प्रायश्चित्त घ्यावे लागे, आता युद्ध हेच प्रायश्चित्त झाले. हेस्टिंग्जच्या शिपायांना दंड लावला त्याला तीस वर्षेही झाली नव्हती. चार वर्षांनी जेरुसलेम पडले तेव्हा तिथे जे रक्त सांडले त्याची लाज आजही ते लोक बाळगतात. धर्म किती थोड्या काळात उलटा होतो ते पाहावे, आणि दुसऱ्याला हसू नये. मंडपात टाळ्या पडल्या तेव्हा मी त्याच वाटेवर एक पाऊल टाकले होते.

त्या लाजेतूनच त्यांच्यात पुढे पुन्हा विचार झाला. त्यातला एक धागा आपल्या मुंबईत आहे. डिसेंबर १९६४ मध्ये पोप पॉल सहावे इथे आले होते. मी तेव्हा चौदा वर्षांचा, घाटकोपरच्या चाळीत राहत होतो. शहरभर त्यांचीच चर्चा होती. ओव्हल मैदानावर लाखो माणसे जमली. इतर धर्मांच्या लोकांना भेटले तेव्हा त्यांनी आपल्या बृहदारण्यक उपनिषदातली असत्याकडून सत्याकडे नेण्याची प्रार्थना आदराने उच्चारली. आणि मुंबईतूनच त्यांनी जगातल्या राष्ट्रांना आवाहन केले की शस्त्रांची चढाओढ थांबवा आणि त्या पैशातला काही भाग गरिबांसाठी एका जागतिक निधीत द्या. दुसऱ्या वर्षी त्यांच्या धर्मपरिषदेने जाहीर केले की सगळे शहर सरसकट बेचिराख करणे हा देवाविरुद्ध आणि माणसाविरुद्ध गुन्हा आहे. २०२० मध्ये पोप फ्रान्सिस यांनी तर लिहिले की आजच्या शस्त्रांपुढे न्याय्य युद्धाच्या जुन्या अटींचा आधार घेणे फार अवघड झाले आहे. कारण आता सगळेच तोफेवाले झाले. गोळा कोणावर पडला हे दाबणाऱ्याला दिसत नाही.

मग देशाने शस्त्रे टाकावीत का? मी तसे म्हणत नाही. सीमेवर आपली मुले उभी आहेत म्हणून आपण दिंडीत निर्धास्त चालतो. दुष्टांचा बंदोबस्त दयेत येतो, हे तुकोबांचे सांगणे मी सोडलेले नाही. पण माउलींनी पसायदानात दुष्टांचा नाश मागितला नाही, त्यांचा दुष्टपणा जावा आणि त्यांना सत्कर्माची गोडी लागावी असे मागितले. पहिले राजाचे काम आहे आणि दुसरे आपले. कीर्तनकाराने राजाचे काम तोंडाने करू नये. त्याने लढून आलेल्याला मनाचा हिशेब मांडायला जागा द्यावी, आणि न लढलेल्याची फुशारकी उतरवावी.

त्या गृहस्थांबरोबर मी एकदा मंडपेश्वरला गेलो. लेण्यातला नटराज भंगलेला आहे. एका भिंतीवर कोरलेला मोठा क्रूस आहे. वर मठाचे भग्नावशेष उभे आहेत. एकाच खडकावर दोघांचेही घाव. शिवलिंगाला मी नमस्कार केला, ते बाहेर पायरीवर थांबले. परत निघताना मी म्हणालो, “त्या दिवशी मी हसलो, ते चुकलं.” ते म्हणाले, “आमच्या लोकांनी हा देव फोडला तेव्हा तेही हसलेच असतील, बुवा.” दोघेही मग रिक्षा मिळेपर्यंत काही बोललो नाही. आता ते हयात नाहीत.

त्यानंतरही मी वसईचा दृष्टांत सांगत होतो, पण वेगळा. कारण सांगत असे, शौर्य सांगत असे, मोकळ्या सोडलेल्या शिबंदीचे सांगत असे. हत्ती काढून टाकला. आणि घंटेपाशी आलो की सांगत असे की नाशिकला नारोशंकराच्या देवळात जाल, भीमाशंकराला जाल, वाईजवळ मेणवलीला जाल, तिथे त्या घंटा आजही आहेत. ती वाजवाल तेव्हा देवाला आपल्या येण्याची वर्दी द्या, आणि त्याबरोबर त्या लढाईत दोन्हीकडे जे मेले त्यांच्यासाठी एकदा विठ्ठल म्हणा. टाळ्या पडत नसत. एकदा मात्र काल्याच्या कीर्तनानंतर एक निवृत्त सुभेदार येऊन पायाशी बसले. प्रसाद घेऊन मंडप रिकामा झाला तरी ते उठले नाहीत. मीही काही विचारले नाही, शेजारी बसून राहिलो.

नव्या कीर्तनकारांना एवढीच विनंती की लढाई जरूर सांगा, पण शांतिपर्वासाठी वेळ राखून ठेवा.

पुंडलीक वरदे हारि विठ्ठल.